शैली न देणारा गुरू: नारायण श्रीधर बेंद्रे

नारायण श्रीधर बेंद्रे यांच्यावर एक आक्षेप सातत्याने घेतला गेला. त्यांना स्वतःची अशी एक शैली नव्हती, हा तो आक्षेप. इंदूरच्या परंपरेतील निसर्गचित्रे, ललित कला अकादमीचे राष्ट्रीय पारितोषिक मिळवणारे घनवादी वळणाचे ‘काटा’ (1955), 1960 च्या सुमाराचे अमूर्त प्रयोग आणि उतारवयातील, रंगबिंदूंनी विणलेली ग्रामीण स्त्रियांची चित्रे ही सारी एकाच हातची आहेत, हे नवख्या प्रेक्षकाला सांगावेच लागते. आक्षेप खोटा नाही. प्रस्तुत लेखकही दीर्घकाळ त्याच मताचा होता. परंतु बेंद्रे यांच्या अध्यापनाकडे पाहिले की त्याच गोष्टीचा अर्थ पालटतो.

बेंद्रे यांचा जन्म 1910 चा, इंदूरचा. होळकरांच्या राजधानीतल्या मराठी वातावरणातला. तेथील चित्रशाळेत त्यांना डी. डी. देवळालीकर यांच्यासारखे गुरू लाभले. देवळालीकर विद्यार्थ्यांना वर्गाच्या भिंतींबाहेर, उघड्यावर रंगवायला लावीत. पुढे मुंबईची पदविका, काश्मीरमधील नोकरी, 1945 मध्ये शांतिनिकेतनातील वास्तव्य आणि 1947-48 चा अमेरिकेचा प्रवास, असा हा माणूस सतत शिकत राहिला.

बडोद्याला महाराजा सयाजीराव विद्यापीठाची स्थापना 1949 मध्ये झाली. कुलगुरू हंसा मेहता यांच्या कारकिर्दीत, 1950 साली, तेथे ललित कला विद्याशाखा सुरू झाली आणि चित्रकला विभागाची धुरा बेंद्रे यांच्याकडे आली. चित्रकलेला विद्यापीठीय पदवीची प्रतिष्ठा देणे, कलेतिहासाचा अभ्यास हातच्या कामाशी जोडणे, ही त्या काळी धाडसाचीच गोष्ट होती. मुंबईच्या कलाशाळेतील वसाहतकालीन शिस्त त्यांना ठाऊक होती, शांतिनिकेतनची स्वदेशी वाटही त्यांनी जवळून पाहिली होती. बडोद्यात त्यांनी या दोहोंपैकी एकीचीही नक्कल केली नाही.

त्यांची शिकवण्याची रीत व्याख्यानाची नव्हे, प्रात्यक्षिकाची. ते विद्यार्थ्यांसमोर उभे राहून रंगवीत. कोरा पृष्ठभाग हळूहळू चित्र कसा होतो, कोठे हात थांबतो, चुकलेला रंग कसा सावरला जातो, हे विद्यार्थ्यांना डोळ्यांनी पाहायला मिळे. (आपल्याकडे साहित्याच्या अध्यापकाने वर्गात स्वतः लिहून दाखवल्याचे ऐकिवात नाही!) अमुकच पद्धत खरी असा आग्रह त्यांना धरता येणे शक्यच नव्हते, कारण ते स्वतःच नव्या पद्धती धुंडाळत होते. 1956 मध्ये स्थापन झालेल्या ‘बडोदा ग्रुप’मध्ये गुरू आणि शिष्य एकाच भिंतीवर आपली चित्रे मांडू लागले.

आता त्यांचे शिष्य पाहावेत. ज्योती भट्ट मुद्राचित्रणाकडे आणि लोककलेच्या छायाचित्रणाकडे गेले. गुलाम मोहम्मद शेख कथनप्रधान चित्रांकडे. काश्मीरहून आलेले गुलाम रसूल संतोष तंत्रप्रतिमांकडे. शांती दवे लिपीसदृश अमूर्ताकडे. यांपैकी एकाच्याही चित्रावर बेंद्रे यांचा ठसा सहजी ओळखू येत नाही. ठळक शैलीच्या गुरूंच्या छायेत वाढलेल्या पिढ्यांशी तुलना करता ही गोष्ट विशेषच म्हणावी लागेल.

चित्रकार म्हणून त्यांना याची किंमत मोजावी लागली, हे नाकारण्यात अर्थ नाही. समीक्षेला एक ओळखचिन्ह हवे असते. ते त्यांनी पुरवले नाही. 1959 मध्ये ते विद्याशाखेचे अधिष्ठाता झाले आणि 1966 मध्ये राजीनामा देऊन मुंबईला आले. पुढची पंचवीसएक वर्षे, 1992 मधील निधनापर्यंत, त्यांचे रंगविणे चालू होते.