नात्यातला साक्षीदार आणि १९५३चे एक निकालपत्र

१५ मे १९५३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘दलीपसिंग विरुद्ध पंजाब राज्य’ या अपिलाचा निकाल दिला. खुनाच्या अपिलात मृताच्या नातलगाच्या साक्षीचा प्रश्न निघाला, की आजही या निकालाचा दाखला दिला जातो. बहुतेकदा त्यातला एकच आशय पुढे येतो: जवळचा नातलग खऱ्या गुन्हेगाराला पाठीशी घालून निरपराधाला अडकवील, हे सहसा संभवत नाही. निकालपत्रात तसे म्हटले आहे, हे खरे. पण त्याच्या मागेपुढे काय लिहिले आहे, तेही वाचायला हवे.

आधी निर्विवाद गोष्टी पाहू. खून दोघांचा झाला होता आणि आरोपी सात होते. सत्र न्यायाधीशांनी सातही जणांना दोषी धरले; मात्र जीवघेणा घाव नेमका कोणाचा हे ठरवता येत नसल्याने फाशी न देता जन्मठेप दिली. उच्च न्यायालयाने तिघांना सोडले आणि उरलेल्या चौघांची शिक्षा वाढवून फाशी केली. खटल्याची सारी भिस्त दोन प्रत्यक्षदर्शी स्त्रियांवर होती आणि दोघीही मृतांच्या जवळच्या नात्यातल्या होत्या. त्यांच्या साक्षीला दुजोरा हवा, असे उच्च न्यायालयाचे मत पडले.

निकालपत्र न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांचे आहे. सर्वोच्च न्यायालयात येण्यापूर्वी ते नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. दुजोरा नेमका कशासाठी हवा, असे विचारून त्यांनी दोन्ही शक्यता तपासल्या. साक्षीदार स्त्रिया आहेत म्हणून? असा नियम आपल्याला माहीत नाही, असे ते म्हणतात. नातलग आहेत म्हणून? तेही त्यांना मान्य नाही. बहुधा उद्धृत होणारा आशय इथे येतो. पण त्याला लागूनच ते लिहितात, की भावना भडकलेल्या असतील आणि वैर असेल, तर दोषी माणसाबरोबर राग असलेला एखादा निरपराधही गोवला जातो. मात्र असा आक्षेप घ्यायचा तर त्याला पुराव्याचा पाया हवा. नुसते नाते हा पाया नव्हे. आपण सरसकट नियम घालून देत नाही, प्रत्येक खटला त्याच्या वस्तुस्थितीवरच ठरवावा, असेही ते बजावतात. म्हणजे उद्धृत होतो तो अर्धाच युक्तिवाद.

मग अपिलात साक्ष तोलायची कशावर? न्यायाधीशांसमोर साक्षीदार नसतो, कागद असतो. शिवाय त्या काळी लागू असलेल्या १८९८च्या फौजदारी प्रक्रिया संहितेप्रमाणे साक्ष सामान्यतः प्रश्नोत्तररूपात नव्हे, तर सलग निवेदनाच्या रूपात टिपली जाई. ‘मी ओट्यावर होते. अंधार नव्हता. मी नावे लगेच सांगितली नाहीत,’ अशी एका साक्षीदार स्त्रीची तीन वाक्ये कागदावर आहेत असे समजा. त्यांतले शेवटचे तिने आपणहून सांगितले, की उलटतपासणीत वकिलाने काढून घेतले? प्रश्नच टिपला नसेल, तर एवढ्यावरून ते कळत नाही. कागदातली ही पोकळी अपिलाच्या न्यायाधीशाला तर्काने भरावी लागते. ती तिथे का होती? तिला दिसणे शक्य होते का? नावे पहिल्या खबरीत आहेत की नंतर वाढली? वैद्यकीय पुरावा तिच्या सांगण्याशी जुळतो का?

१२ एप्रिल १९५७च्या ‘वडिवेलू थेवर विरुद्ध मद्रास राज्य’ या निकालात हा कस अधिक कठीण झाला. खून चहाच्या दुकानातला होता आणि शिक्षा टिकणार की नाही हे एकट्या साक्षीवर, मृताच्या पत्नीच्या साक्षीवर, अवलंबून होते. न्यायालयाने तोंडी साक्षीचे तीन वर्ग केले: पूर्ण विश्वसनीय, पूर्ण अविश्वसनीय आणि दोन्हींच्या मधला. दुजोऱ्याची गरज मुख्यतः तिसऱ्या वर्गात. २०२४पर्यंत लागू असलेल्या १८७२च्या साक्ष अधिनियमाचे कलम १३४ कुठलीही वस्तुस्थिती सिद्ध करायला साक्षीदारांची ठरावीक संख्या मागत नव्हते, याच पायावर हा निकाल उभा आहे. इथे वर्ग ठरतो तो साक्षीच्या दर्जावरून. नात्याला वेगळा वर्ग नाही.

बोस यांनी वर्तवलेला धोका प्रत्यक्षात कसा हाताळावा, याचे उत्तर मला ४ मे १९६४च्या ‘मसलती विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य’ या निकालात दिसते. हा दुवा मी जोडतो आहे. त्याला तर्क समजावे. गावातल्या दोन गटांच्या वैरातून पाच खून झाले होते, आरोपी अनेक होते आणि साक्षीदार मृतांच्या गटाचे होते. सरन्यायाधीश गजेंद्रगडकर यांच्या निकालाचा सूर असा, की साक्षीदार पक्षपाती आहे एवढ्यावरून साक्ष यांत्रिकपणे फेकून दिली तर न्याय हुकेल. पण ती अत्यंत सावधपणे तपासायलाच हवी. किमान चार साक्षीदारांनी ज्याच्याविरुद्ध सुसंगत सांगितले, त्यालाच दोषी धरायचे, ही उच्च न्यायालयाची कसोटी काहीशी यांत्रिक असली तरी अवाजवी नाही, असे त्यांनी मानले. १९५७मध्ये एक साक्षीदार पुरतो असे ठरले होते. इथे चारांची अट मान्य झाली. विसंगती वाटते, पण ती नाही. गर्दी आणि गटबाजी असली, की आरोपींच्या यादीत जास्तीचे नाव घुसण्याचा संभव वाढतो, म्हणून चाळणी बारीक होते.

आता पुन्हा १९५३कडे. त्या चौघांचे काय झाले? सर्वोच्च न्यायालयाने दोघी स्त्रियांवर विश्वास ठेवून दोषसिद्धी कायम केली. फाशी मात्र रद्द करून सत्र न्यायाधीशांची जन्मठेप पुन्हा लागू केली. खालच्या न्यायालयाने सकारण दिलेली जन्मठेप वाढवून फाशी करण्याचा अधिकार अगदी क्वचित, तितकेच सबळ कारण असेल तरच वापरावा, असे न्यायालयाने सांगितले. साक्ष एकच होती. गुन्ह्यातला सहभाग सिद्ध करायला ती पुरली. जीवघेणा घाव कोणाचा, हे मात्र तिच्यावरून ठरले नाही. नातलगाची साक्ष मानली म्हणजे तिच्यातून निघेल तो प्रत्येक निष्कर्ष मानला, असे होत नाही, हे या निकालपत्राचा शेवटचा भाग वाचल्यावरच लक्षात येते.