कथा वाहणारे कण

कथा वाहून नेणारे कण कल्पित विश्वांतच शोभतील, असें वाटेल. परंतु दिव्याहून ठाण्यास जातांना पारसिकचा डोंगर पाहा. १९१६ सालीं आगगाडीसाठीं तेथें बोगदा खुला झाला. म्यूऑन नांवाचे कण बोगद्यावांचूनच खडकांत शिरतात.

विश्वकिरण वातावरणावर आदळले कीं ते सुमारें १५ किलोमीटर उंचीवर जन्मतात. स्थिर म्यूऑन सरासरी सेकंदाचा साडेचार लाखावा भागच जगतो. तेवढ्यांत प्रकाशहि सुमारें ६६० मीटरच जातो. मग आकाशाची वार्ता भूमीवर पोंचते कशी?

मुंबईंत जन्मलेल्या होमी भाभांनीं १९३८ सालीं दाखविलें कीं, प्रचंड वेगामुळें असा कण भूमीवरील घड्याळानें अधिक काळ जगेल. १९४१ सालीं अमेरिकेंतील प्रयोगानें तें खरें ठरलें. निरोप्या अल्पायुषी खरा. परंतु त्याच्या वेगानें निरोप वांचला.