लाकडावरचा कान

पावसाळ्यात कुळागरात कुजक्या लाकडावर तपकिरी, मऊ, कानासारखी बुरशी उगवते. उन्हात सुकून कडक होते, पाऊस पडताच पुन्हा फुगते. अशा लिबलिबीत बुरशींना लिनियसने १७५३ मध्ये 'ट्रेमेला' म्हटले आणि चक्क शेवाळांत बसवले!

या कानाच्या युरोपातील भावंडाचे लॅटिन नाव म्हणजे 'ज्यूडासचा कान'. ज्यूडासने एल्डरच्या झाडाला गळफास घेतला, ही दंतकथा. त्याच झाडावर ही बुरशी वाढते. इंग्रजीत त्याचा 'ज्यूचा कान' झाला. एकाचा दोष अख्ख्या समाजाच्या माथी!

गोमंतकीयांना हे नवे नाही. १५६३ मध्ये गोव्यात औषधी वनस्पतींवर ग्रंथ छापणाऱ्या गार्सिया द ऑर्ताची हाडे इन्क्विझिशनने १५८० मध्ये उकरून जाळली. तो छुपा ज्यू ठरला होता.

बुरशीला मात्र पुढे न्याय मिळाला. एकोणिसाव्या शतकात सूक्ष्मदर्शकाखाली बीजाणू धरणाऱ्या पेशी पाहिल्या गेल्या. ऑरिक्युलारियात त्यांना आडव्या भिंती, ट्रेमेलात उभ्या, तर डॅक्रिमायसीसमध्ये पेशीच दुबेळक्यासारखी. बाहेरून सारख्या दिसणाऱ्या बुरशी आतून निराळ्या निघाल्या. माणसांच्या बाबतीत आपण एवढे तरी बारकाईने पाहतो का?