प्रोफेसर केळफा

दादासाहेब फाळके यांचे चरित्र सांगताना त्यांची जादूगिरी हा तारुण्यातील एक गमतीचा छंद म्हणून उल्लेखिण्याचा आणि लगेच ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटाकडे वळण्याचा जो प्रघात पडला आहे, तो मला फारसा न्याय्य वाटत नाही. त्र्यंबकेश्वरी १८७० साली शास्त्र्यांच्या घरी जन्मलेल्या, मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत व पुढे बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला आणि छायाचित्रण शिकलेल्या या गृहस्थाने, आडनावाची अक्षरे उलटी करून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने रंगमंचावर हातचलाखीचे प्रयोग केले, आणि तेथे प्रेक्षकाची नजर कोणत्या क्षणी कोठे गुंतवावी याचा जो इलम त्यांना साधला, तो पुराणवस्तुखात्याच्या नोकरीत किंवा लोणावळ्याच्या छापखान्यात मिळण्याजोगा नव्हता.

त्या काळी जादूचा पेशा आणि पडद्यावरील चित्रे यांत फारसे अंतर नव्हतेच. पॅरिसमध्ये रॉबेर-हुदँचे जादूचे नाट्यगृह चालविणारे मेलिएस पुढे चित्रपटांकडे वळले. आणि आपल्या कल्याणच्या पटवर्धनांनी तर चित्रपट या देशात पोहोचण्यापूर्वीच, १८९२ साली, काचेवर रंगविलेल्या चित्रांचे ‘शांबरिक खरोलिका’ नावाचे खेळ सुरू केले होते. ते नाव शंबरासुराच्या मायेवरून घेतलेले. फाळके याच परंपरेतले. विम्याची पॉलिसी तारण ठेवून १९१२ साली लंडनहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी आरंभीच जे चित्रित केले, ते कुंडीत पेरलेल्या वाटाण्याच्या रोपाचे उगवणे होय: रोज थोडे थोडे टिपून महिन्याभराची वाढ डोळ्यांदेखत क्षणार्धात घडवून आणणारा हा प्रयोग पाहून ज्यांनी पुढे भांडवल पुरविले, त्यांना पटली ती बहुधा कथा नव्हे, करामतच असावी.

पुढील चित्रांतही केळफा लपून राहत नाहीत. ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) मध्ये भयभीत कंसाचे मस्तक धडावरून उडून पुन्हा जागेवर येते. ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका साळुंके नावाचे एकटे नट करतात. (ही दुसरी करामत अंशतः निरुपायाची होती, कारण चित्रपटात उतरण्यास तयार होणाऱ्या स्त्रिया तेव्हा दुर्मिळ.) ‘कालियामर्दन’च्या (१९१९) आरंभी त्यांची मुलगी मंदाकिनी प्रथम स्वतःच्या चेहऱ्याने नाना भाव दाखविते आणि मगच कृष्ण होते, म्हणजे सोंग चढण्यापूर्वी सोंगाडी कोण हे जादूगार सांगूनच टाकतो.

हा उघडेपणा मात्र पेशाच्या रीतीविरुद्ध होता. ज्या धंद्यात हिकमत बापाने मुलापाशीही जपूनच बोलावी, त्या धंद्यातून आलेल्या या माणसाने १९१७ च्या सुमारास ‘चित्रपट कसे तयार करतात’ हा लघुपट काढला, आणि त्यात नटांना सूचना देणारा, फिल्मची पट्टी निरखून तपासणारा असा स्वतःलाच पडद्यावर उभा केला. त्याच सुमारास ‘नवयुग’ मासिकातून त्यांनी आपल्या खटाटोपाची हकीकतही लिहिली. एवढे सगळे सांगून झाल्यावरही ‘कालियामर्दन’ पाहण्यास लोक गर्दीने गेलेच.