परतीची गाडी : खानदेशातल्या एका दिवसाच्या सहलीचा इतिहास

आजच्या व्याख्यानाचा विषय एका साध्या प्रश्नातून निघाला. जळगावातून सकाळी वेगवान गाडीत बसायचं, सोबत एखादा जाणकार वाटाड्या घ्यायचा, जवळचं एक शहर नीट पाहायचं आणि रात्री घरी येऊन जेवायचं. अशी सहल काढता येईल का? प्रश्न सहलीचा आहे, पण त्याचं उत्तर शोधायला बसलो आणि आम्ही दोनशे वर्षं मागे गेलो. त्या वाटेवर जे हाती लागलं ते आज आपल्यासमोर ठेवतो.

आधी एक शब्द घेऊ : मुक्काम. आपल्याकडे प्रवासाची मोजणी कोसांत, मैलांत होत असे हे खरं, पण माणूस खरा हिशोब करायचा तो मुक्कामांचा. अमुक गाव किती लांब? दोन मुक्कामांवर. ज्या गावाला जाऊन दिवेलागणीला घरी परतता येतं ते शेजारचं गाव, आणि जिथे रात्र काढावी लागते ते परगाव. पाहुणचार, व्यापार, सोयरीक, कोर्टकचेरी, सगळं या एका रेषेवर ठरत असे. म्हणून एका दिवसात जाऊन येणं ही केवळ हौसेची गोष्ट नाही. कोण कोणाचा शेजारी, हे तिच्यावर ठरतं.

आता खानदेशाकडे येऊ. १८१८ साली पेशवाई संपली आणि इंग्रजांनी खानदेशाचा कारभार हाती घेतला. पहिले कलेक्टर कॅप्टन जॉन ब्रिग्ज. त्यांनी जिल्ह्याचं ठाणं केलं धुळ्याला आणि तिथे सरळ रस्त्यांची नवी पेठ वसवली. आग्रा रोड धुळ्यावरून जातो, त्यामुळे त्या काळाच्या हिशोबानं जागा उत्तमच होती. पण जिल्हा केवढा? आजचे जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे तिन्ही मिळून एक खानदेश. क्षेत्रफळ सुमारे दहा हजार चौरस मैल. रावेरच्या शेतकऱ्याला जमिनीच्या दाव्यासाठी धुळ्याला जायचं म्हणजे कित्येक दिवसांची शिदोरी बांधायची, बैलांच्या वैरणीची सोय पाहायची आणि तारीख पुढे ढकलली गेली की तोच हेलपाटा पुन्हा घालायचा.

मग रेल्वे आली. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा लोहमार्ग १८६० च्या दशकाच्या सुरुवातीला खानदेशात शिरला. चाळीसगाव, पाचोरा, जळगाव, भुसावळ असा तो गेला. कसारा-इगतपुरीचा थळ घाट १८६५ साली खुला झाला आणि मुंबईची सलग वाट तयार झाली. याच काळात अमेरिकेत यादवी युद्ध चालू होतं, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना, आणि खानदेशच्या कापसाला सोन्याचा भाव आला. तो कापूस रेल्वेनं जाऊ लागला आणि रूळांच्या काठचं जळगाव बघता बघता मोठी पेठ झालं.

आणि धुळे? धुळे रूळांपासून पन्नासेक किलोमीटरवर राहिलं. जिल्ह्याचा मालक घरात आणि गाडी दुसऱ्याच्या दारात, असा प्रकार. धुळ्याला रेल्वे मिळाली ती १९०० साली, चाळीसगावहून निघालेल्या सुमारे ५५ किलोमीटरच्या फाट्यानं. त्याच सुमारास तापी व्हॅली रेल्वे सुरतेहून नंदुरबार, दोंडाईचा, नरडाणा करत अमळनेरपर्यंत आली आणि पुढे जळगावला जोडली गेली. म्हणजे दक्षिणेला एक मार्ग, उत्तरेला दुसरा, आणि मधे धुळे. गाडी धुळ्याला येते, पण तिथून पुढे जात नाही. आली तशीच माघारी फिरते.

सहाच वर्षांत, १९०६ साली, सरकारनं खानदेशाचे दोन भाग केले. पूर्व खानदेशाचं ठाणं जळगाव, पश्चिमेचं धुळे. एवढा विस्तार एका कचेरीतून सांभाळणं अवघड, हे कारण उघडच होतं. पण आपण नकाशा समोर ठेवून पाहिलं तर दिसतं, की नवं ठाणं कुठे व्हावं याचा कौल रूळांनी आधीच देऊन ठेवला होता.

आता आपल्या सहलीला निघू. जळगावहून धुळं सडकेनं एरंडोल, पारोळ्यावरून सुमारे ९० किलोमीटर. रेल्वेनं जायचं तर आधी चाळीसगाव गाठायचं आणि तिथे गाडी बदलायची. बदलाच्या या स्टेशनावर आम्हाला थोडं थांबायचं आहे, कारण धुळे फाट्यावरचा एक दिवसाचा प्रवास इतिहासात लिहून ठेवलेला आहे. तो साल १९२९ चा. प्रवासी होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर.

अस्पृश्यांच्या तक्रारींची चौकशी करायला मुंबई सरकारनं एक समिती नेमली होती. बाबासाहेब तिचे सदस्य, आणि खानदेशचे दोन्ही जिल्हे त्यांच्याकडे आले होते. काम आटोपून ते मुंबईला निघाले. वाटेत धुळे मार्गावरच्या एका गावात अस्पृश्यांवर बहिष्कार घातल्याची चौकशी करायची, म्हणून चाळीसगावला उतरले. स्थानिक लोकांनी गळ घातली, की आजची रात्र आमच्याकडे मुक्काम करा. त्यांनी मान्य केलं. धुळ्याच्या गाडीनं त्या गावी गेले, चौकशी केली आणि पुढच्याच गाडीनं चाळीसगावला परत आले. पाहा, म्हणजे रेल्वेनं आपलं काम चोख केलं होतं. जाणं आणि येणं, दोन्ही त्याच दिवसात.

पण स्टेशनाबाहेर काय झालं? महारवाडा तिथून साधारण दोन मैलांवर, वाटेत नदी आणि तिच्यावर फरशी पूल. स्टेशनावर टांगे उभे होते, तरी बाबासाहेबांना तासभर थांबून राहावं लागलं. का, ते त्यांना कळेना. शेवटी एक टांगा आला. तो पुलावर पोचला आणि चाक दगडावर आदळलं. बाबासाहेब पुलाच्या फरशीवर आपटले, टांगा घोड्यासकट नदीत गेला. त्यांचा पाय मोडला. मग उलगडा झाला : अस्पृश्याला बसवून टांगा हाकायला एकही टांगेवाला तयार नव्हता. अखेर टांगा भाड्यानं मिळाला, पण हाकणारा तुमचा तुम्ही आणा, अशी तोड निघाली. वस्तीतला जो माणूस हाकायला बसला त्यानं आयुष्यात कधी टांगा हाकलेला नव्हता. पाहुणा स्टेशनातून पायी जाणं लोकांना त्यांच्या मानाला साजेसं वाटलं नाही, म्हणून हा सगळा खटाटोप. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत बाबासाहेबांनीच हे सगळं सांगून ठेवलं आहे.

ही हकीकत आम्ही सहलीच्या मधोमध मुद्दाम सांगतो आहोत. रेल्वेच्या इतिहासात आपण इंजिनं मोजतो, मैल मोजतो, ताशी वेग मोजतो. पण माणूस स्टेशनातून घरापर्यंत कसा पोचला, हे त्या आकड्यांत येत नाही. गाडीनं सगळ्यांना एका डब्यात बसवलं असेल, पण शेवटचे दोन मैल गावाचेच नियम चालले. पुढे जुलै १९३७ मध्ये एका खटल्यासाठी बाबासाहेब धुळ्याला आले, तेव्हा चाळीसगाव स्टेशनावर त्यांच्या स्वागताला गर्दी लोटली होती. धुळ्याजवळ लळिंगच्या बंगल्यात ते उतरले होते. लोक आजही तिथे दरवर्षी जमतात.

बदलाची गाडी लागली आहे, चला धुळ्याला. दिवसभरात तिथे काय पाहाल? इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांचं ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात निधन झालं. त्यांनी गावोगाव फिरून, वाड्यांच्या माळ्यांवरून जमवलेली कागदपत्रं राजवाडे संशोधन मंडळात आहेत. रामदासी हस्तलिखितांसाठी शंकर श्रीकृष्ण देव यांनी उभारलेलं समर्थ वाग्देवता मंदिर आहे. आणि धुळ्याचा तुरुंग आहे. २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात दर रविवारी विनोबांनी या तुरुंगात गीतेवर अठरा प्रवचनं दिली. ऐकणारे कैदी, बोलणाराही कैदी. त्या कैद्यांपैकी एक, अमळनेरच्या शाळेत शिकवलेले साने गुरुजी, ती प्रवचनं लिहून घेत होते. परतीचं तिकीट कुणाच्याच खिशात नव्हतं. आपण आज बोललेलं उतरवून घेऊन दूरच्या श्रोत्यांपर्यंत पोचवतो ना, तसंच हे काम, फक्त गजांच्या आड झालेलं. बसल्या जागेवरून ते शब्द देशभर गेले.

म्हणून आम्ही म्हणतो, वाटाड्या हवा. रेल्वे आणि वाटाड्या यांची जोडी तशी जुनीच. ५ जुलै १८४१ रोजी इंग्लंडात टॉमस कुक यांनी लेस्टरहून लाफबरोला सुमारे पाचशे माणसं एका शिलिंगात नेली आणि त्याच दिवशी परत आणली. तिथून सहलीचा धंदा सुरू झाला. पण वाटाड्या नसेल तर चाळीसगावचा पूल हा नुसता पूल असतो.

आता वेगाकडे येऊ. १९५८ साली जपाननं टोकियो-ओसाका अशी एक गाडी सुरू केली. एका बाजूला पावणेसात तासांहून थोडा जास्त वेळ लागायचा. सकाळी टोकियोहून निघून ओसाकाला हाती जेमतेम दोन तास मिळायचे, पण रात्री घरी येता यायचं. गाडीचं नाव ठेवलं ‘कोदामा’, म्हणजे प्रतिध्वनी. हाक जाते आणि त्याच पावली परत येते, म्हणून. बुलेट ट्रेन आली ती त्यानंतर सहा वर्षांनी, १९६४ मध्ये. म्हणजे बघा, आधी परतीचा विचार झाला, वेग नंतर आला.

आपल्याकडेही हेच दिसतं. १९३० ची दख्खनची राणी पुणेकरांना सकाळी मुंबईला नेते, संध्याकाळी परत आणते. १९७५ साली सुरू झालेली पंचवटी एक्सप्रेस पहाटे मनमाडहून निघते, नाशिककरांना घेऊन मुंबई गाठते आणि रात्री माघारी येते. खेड्यातल्या माणसाला हे समजावून सांगायची गरज नाही. त्याच्या गावाला मुक्कामी एस.टी. असते. रात्री येऊन पारावर झोपते, पहाटे कॉलेजची पोरं आणि दवाखान्याचे पेशंट घेऊन तालुक्याला जाते. गाडी रात्री ज्याच्या दारात झोपते, सकाळ त्याची. पंचवटी ही मनमाडची मुक्कामी गाडी. आणि मनमाड कुठे? खानदेशाच्या उंबऱ्याच्या बाहेर, अगदी लागून.

१० ऑगस्ट २०२५ रोजी नागपूर-पुणे वंदे भारत सुरू झाली. ८८१ किलोमीटर, बारा तास, म्हणजे सरासरी ताशी ७३ किलोमीटर. ती जळगावला आणि भुसावळला थांबते, आनंदाची गोष्ट आहे. नागपूरला किंवा पुण्याला जाणाऱ्याची मोठी सोय झाली. पण आपल्या सहलीचं काय? ही गाडी पुण्याहून सकाळी निघते, नागपूरहूनही सकाळीच निघते, आणि जळगाव पडतं मधे. त्यामुळे दोन्हीकडच्या गाड्या आपल्याकडे येतात भर दुपारी. जळगावकर अकोल्याला जायला निघाला, तर त्याची परतीची गाडी वाटेतच समोरून निघून जाते. फार तर भुसावळला जाऊन चहा पिऊन येता येईल, आणि तेवढ्यासाठी वंदे भारत कशाला हवी? गाडी आपल्या दारावरून जाते, पण ती आपल्या दारात झोपत नाही.

तेव्हा सुरुवातीच्या प्रश्नाचं प्रामाणिक उत्तर असं : जळगावातून वंदे भारतनं एका दिवसाची सहल आज जमत नाही. साध्या गाडीनं, चाळीसगावला बदल करून, धुळं जमवता येतं, पण पहाटे उठायची तयारी हवी आणि वेळापत्रक तोंडपाठ हवं. पुढे चित्र बदलू शकतं. सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळानं मनमाड-इंदूर या ३०९ किलोमीटरच्या नव्या मार्गाला मंजुरी दिली, तो धुळ्यावरून जाणार आहे. त्यातल्या धुळे-नरडाणा बाजूचं काम सुरू आहे. ते पुरं झालं की धुळ्याची गाडी पहिल्यांदाच माघारी न फिरता पुढे जाईल. नरडाणा तापी मार्गावरच आहे, म्हणजे तिथून अमळनेरवरून जळगाव. एकेकाळी एकाच जिल्ह्यातली ही दोन शहरं सव्वाशे वर्षांनी चाळीसगावचा वळसा न घालता रूळांनी जोडली जातील.

तेव्हा आपण मागायचं काय? वेग मागूच, पण त्याआधी वेळ मागू. सकाळी निघणारी आणि संध्याकाळी परतणारी एक गाडी. दवाखान्यात दाखवायला आलेल्या म्हातारीला, संदर्भ पाहायला आलेल्या विद्यार्थ्याला, कोर्टाच्या तारखेला आलेल्या शेतकऱ्याला लॉजचं भाडं न भरता घरी नेणारी. आणि स्टेशनाबाहेर जो टांगा, जी रिक्षा उभी असेल ती कुणालाही, कुठल्याही वस्तीत, न कुरकुरता नेणारी. १९२९ साली पहिली गोष्ट होती, दुसरी नव्हती. एका दिवसाची सहल पुरी व्हायला दोन्ही लागतात.

पुढच्या वेळी चाळीसगावला गाडी बदलाल तेव्हा घाई नसेल तर दहा मिनिटं स्टेशनाबाहेर या आणि बरोबरच्या पोरांना ही टांग्याची गोष्ट सांगा. त्या दिवसापुरते वाटाडे तुम्हीच.