नागझिऱ्यात ऐकलेली गोष्ट

नागपूर आणि सिनेमा म्हटलं की आपण राजकुमार हिरानीचं नाव घेतो आणि मोकळे होतो. बरोबरच आहे, आपला माणूस! पण 'तुंबाड'ची सुरुवात आपल्यापासून दोन-अडीच तासांवर, नागझिऱ्यात झाली, हे माहीत होतं का?

तर झालं असं. १९९३ साली राही अनिल बर्वे हा चौदा वर्षांचा पोरगा ('थँक यू मिस्टर ग्लाड'वाल्या अनिल बर्व्यांचा मुलगा) नागझिऱ्याला गेला होता. तिथे मित्राने नारायण धारपांची 'आजी' ही कथा सांगितली. पोरगा जाम टरकला. १९९७ मध्ये, अठराव्या वर्षी, त्याने पटकथेचा पहिला खर्डा लिहिला. सिनेमा थेटरात आला १२ ऑक्टोबर २०१८ ला. म्हणजे एकवीस वर्षांनी!

मधे काय? २००८ मध्ये निर्मात्याने अंग काढून घेतलं. २०१२ मध्ये शूटिंग झालं, एडिटिंगही झालं, आणि मग लक्षात आलं की हवं ते जमलेलं नाही. पुन्हा लिहिलं, पुन्हा शूट केलं, ते संपलं २०१५ मध्ये. निर्माता आणि विनायकची भूमिका करणारा सोहम शाह तेवढी वर्षं टिकून राहिला. पाऊसही खराच हवा होता, म्हणून चार पावसाळे गेले.

मी सॉफ्टवेअरवाला. तयार झालेलं काम फेकून पहिल्यापासून सुरू करा, असं म्हणणारा माणूस मीटिंगमध्ये कुणालाच आवडत नाही, मलाही नाही. आम्ही पॅच मारतो आणि रिलीज करतो. म्हणून ही गोष्ट मला बोचते.

आता दुसरी गंमत. धारपांची 'आजी' ही स्टीफन किंगच्या 'ग्रॅमा' (१९८४) या कथेवर बेतलेली. त्यात चेटकीण आजीला शांत करायला नाव घेतात हास्तुरचं. हे नाव किंगचंही नाही. अँब्रोज बिअर्सच्या १८९१ च्या कथेत हास्तुर हा मेंढपाळांचा साधा, दयाळू देव होता. १८९५ मध्ये चेंबर्सने ते नाव उचललं, १९३१ मध्ये लव्हक्राफ्टने. तोच पुढे कोकणातल्या वाड्याखाली 'हस्तर' होऊन बसला, पिठाच्या बाहुल्यांची वाट बघत!

मग याला ढापलेलं म्हणायचं का? मला नाही वाटत. सोन्याचा हव्यास, १९१८ ते १९४७ चा काळ, बापाकडून मुलाकडे जाणारी लालूच, हे किंगच्या कथेत कुठेय? पण म्हणून धारपांचं नाव विसरायचं, हेही चूक. २००८ मध्ये ते गेले. त्यांच्या गोष्टीचं काय झालं, ते त्यांना बघायला मिळालं नाही.

सिनेमा २०१८ मध्ये व्हेनिसला क्रिटिक्स वीकची सुरुवात करून आला, तीन फिल्मफेअर घेतले, पण आपल्याकडे गर्दी यथातथाच. सप्टेंबर २०२४ मध्ये पुन्हा लागला आणि पहिल्या खेपेपेक्षा जास्त कमावलं. त्याच महिन्यात दुसऱ्या भागाची घोषणा झाली. राहीने शुभेच्छा दिल्या आणि तो बाजूला झाला.

एकवीस वर्षं उराशी धरलेली गोष्ट अशी सोडून देता येते? मला तर जुना कोडही डिलीट करवत नाही.

असो. सध्या धारप वाचतोय. दिवसाउजेडी.