थळघाट रिव्हर्सिंग स्टेशन

शहापूर तालुक्यातील कसारा व नाशिक जिल्ह्यातील इगतपुरी यांदरम्यानच्या थळघाटातील, वापरातून गेलेले रेल्वेस्थानक. जी.आय.पी. रेल्वेचा मार्ग १ जानेवारी १८६१ रोजी कसाऱ्यापर्यंत पोहोचला. घाट चढून इगतपुरी गाठायला आणखी चार वर्षे लागली (१ जानेवारी १८६५). आखणी मुख्य अभियंता जेम्स बर्कली यांची.

सुमारे १५ किमी.च्या या मार्गाचा कमाल चढ ३७ फुटांस १ फूट आहे. उभ्या कड्यावर वळण घ्यायला जागा नसल्याने रूळ नागमोडी न टाकता इंग्रजी ‘व्ही’ अक्षरासारखे टाकले. त्याच्या टोकावर हे स्थानक होते. गाडी आत येऊन थांबे. इंजिन सोडवून मागच्या टोकाला जोडत आणि गाडी उलट दिशेने पुढचा चढ चढू लागे; पुढे तोंड करून बसलेल्या प्रवाशाची आता पाठ पुढे होई. चढणीची जागा तुटपुंजी असूनही गाडी वर नेणारी ही युक्ती अभियांत्रिकीच्या दृष्टीने विशेष उल्लेखनीय होय. मात्र तीत वेळ मोडे. पुढे मार्गाची नवी आखणी झाल्यावर स्थानकाची गरज उरली नाही. १९३० मध्ये घाटात विजेची गाडी आली. मागून जोर देणारी बँकर इंजिने मात्र राहिली. (पहा : इगतपुरी, कसारा, बोरघाट).